आपल्या प्रार्थनेचे संगीतकार : वसंत देसाई



या वर्षी आपल्या इयत्ता ९ वीच्या मुलांनी पलसाणा गावावर एक छोटी फिल्म तयार केली. बारा मिनिटांची. गावातली जुनी घरे, हायवे, उसाची शेते आणि मग डाइंग मिल. यातल्या बऱ्याच मुलांचे वडील मिलमध्ये कामाला आहेत, त्यामुळे आत जाऊन चित्रण करायला परवानगी मिळाली. जेट मशीनमधून निघणारी वाफ, ओल्या कापडाचे लोळ, घड्या घालणारे हात, सगळे मुलांनी छान टिपले होते. या भागाला त्यांनी संगणकावरून एक तयार धून लावली. व्हायोलिनची, रडवी. फिल्म मीच पास केली होती आणि पाहताना माझे डोळेही भरून आले होते, हे कबूल करते.

शाळेच्या सभागृहात फिल्म दाखवून झाल्यावर एक पालक मला भेटायला आले. ते जेट मशीनवर बावीस वर्षे काम करतात. अतिशय नम्रपणे त्यांनी विचारले की मॅडम, आमच्या कामाच्या वेळीच एवढे रडके संगीत का? शेतं दाखवली तेव्हा नव्हते, मंदिर दाखवले तेव्हा नव्हते. त्यांच्या मुलाने त्यांना पडद्यावर पाहिले आणि मग घरी गेल्यावर तो त्यांच्याशी बोललाच नाही. आपल्या बापाचे काम म्हणजे काहीतरी दुःखाची गोष्ट आहे असे त्या पोराला वाटून गेले होते.

माझ्याजवळ उत्तर नव्हते. त्या रात्री मी विचार करत बसले आणि मला माझ्या लहानपणचे बऱ्हाणपूरचे सिनेमागृह आठवले. माझे सगळे शिक्षण हिंदी माध्यमात झाले. मुख्य सिनेमाआधी सरकारी फिल्म्स डिव्हिजनची एक छोटी फिल्म दाखवणे त्या काळी बंधनकारक होते. आम्ही तिला हिंदीत वृत्तचित्र म्हणायचो, मराठीत माहितीपट किंवा अनुबोधपट. धरणाचे बांधकाम, विणकर, लेणी, पूर, लसीकरण असे विषय. आम्ही मुले तेव्हा शेंगदाणे खात गोंगाट करायचो. पण त्या चित्रांमागे सतार, बासरी, सरोद वाजत असायचे आणि ते कधी रडत नसायचे. विणकराचा धोटा चालला की तबला त्याच्याबरोबर चालायचा.

फिल्म्स डिव्हिजनची स्थापना १९४८ सालची. तिच्या संगीत विभागाची धुरा ज्यांनी वाहिली त्यांत विष्णुदास शिराली हे मोठे नाव आहे. ते पंडित विष्णु दिगंबर पलुस्करांचे शिष्य. उदय शंकर यांच्या नृत्यमंडळीबरोबर ते युरोप-अमेरिकेत फिरले आणि उदय शंकर यांच्या १९४८ सालच्या 'कल्पना' या चित्रपटाचे संगीतही त्यांचेच. गाण्याचे शब्द नाहीत, नायक-नायिका नाहीत, फक्त काम करणारी माणसे आणि निसर्ग, अशा चित्रांना शास्त्रीय संगीताची जोड कशी द्यायची हे त्यांच्या पिढीने शोधून काढले.

त्याच पिढीतले, पण कथाचित्रपटात राहून हाच प्रश्न सोडवणारे आणखी एक संगीतकार होते. त्यांच्या चाली तुम्ही रोज सकाळी प्रार्थनेच्या वेळी गाता. सोमवार ते बुधवार 'दो आँखें बारह हाथ' मधली प्रार्थना, गुरुवार ते शनिवार 'गुड्डी' मधली. दोन्ही चाली एकाच माणसाच्या आहेत हे मी विचारले तेव्हा शाळेत फक्त संगीताच्या सरांना माहीत होते. त्यांचे नाव वसंत देसाई.

वसंतरावांचा जन्म ९ जून १९१२ रोजी कोकणात, कुडाळजवळच्या सोनवडे गावी झाला. तेव्हा तो भाग सावंतवाडी संस्थानात होता, आज सिंधुदुर्ग जिल्ह्यात आहे. आपल्यापैकी बहुतेक मंडळी खानदेशाकडची, म्हणून सांगते की हा दशावताराचा मुलूख आहे. जत्रेच्या रात्री देवळासमोर दशावतारी नाटक उभे राहते. संवाद लिहिलेले नसतात, नट आयत्या वेळी बोलतात, आणि पेटी, मृदंग, झांज त्यांच्याकडे पाहून वाजतात. समोर जे घडते आहे त्याच्याकडे बघून वाजवायचे, ही त्या मातीची जुनी सवय आहे.

१९२९ साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी सुरू झाली. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि कुलकर्णी हे तिचे भागीदार. त्या सुमारास सतरा वर्षांचे वसंतराव कंपनीत दाखल झाले. सिनेमा तेव्हा मुका होता. दिसायला देखणे आणि अंगाने मजबूत असल्यामुळे त्यांना 'खूनी खंजर' (१९३०) या मूकपटात भूमिका मिळाली, पण कंपनीत खरे तर पडेल ते काम करायचे असे. मग बोलपट आला. १९३२ सालच्या 'अयोध्येचा राजा' या पहिल्या मराठी बोलपटाला गोविंदराव टेंबे यांनी संगीत दिले आणि वसंतराव त्यात गायले. १९३३ मध्ये प्रभात पुण्याला आली. तिथे केशवराव भोळे आणि मास्टर कृष्णराव यांच्या हाताखाली त्यांची उमेदवारी चालू राहिली. दहा-बारा वर्षे! आजच्या मुलांना ही मुदत लांब वाटेल. माझ्या मते तीच त्यांची खरी शाळा होती, कारण तीन थोर संगीतकारांचे तीन वेगळे स्वभाव त्यांना जवळून पाहायला मिळाले.

त्यातली एक गोष्ट तर फार महत्त्वाची. १९३७ सालच्या 'कुंकू' या चित्रपटात नेहमीचे पार्श्वसंगीत ठेवलेच नव्हते. पडद्यावरच्या घरात जे आवाज होतील त्यांच्यावरच सगळा भार. संगीत केशवराव भोळे यांचे, दिग्दर्शन शांतारामांचे. संगीतकाराने कुठे वाजवायचे नाही हेसुद्धा ठरवायचे असते, हा धडा प्रभातमधल्या तरुण मंडळींच्या डोळ्यांसमोर घडत होता.

१९४२ साली शांतारामांनी प्रभात सोडली आणि मुंबईत परळला राजकमल कलामंदिर उभे केले. त्यांच्याबरोबर वसंतरावही आले. राजकमलचा पहिला चित्रपट 'शकुंतला' (१९४३). त्याचे संगीत वसंतरावांनी दिले आणि चित्रपट मुंबईत दोन वर्षे एकाच थिएटरात चालला.

आता थोडे थांबून, त्या काळी सिनेमाला संगीत देणे म्हणजे काय काम होते ते सांगते. ३५ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चित्रे या वेगाने चालते. एका फुटात १६ चित्रे बसतात, म्हणजे मिनिटाला ९० फूट. दिग्दर्शक प्रसंग कापून-जोडून देतो आणि संगीतकाराला सांगतो की हे दृश्य इतके फूट आहे. त्या तेवढ्या फुटांत राग सुरू होऊन, फुलून, नेमक्या जागी संपला पाहिजे. मैफलीत गवई अर्धा तास आलाप करू शकतो. इथे चाळीस सेकंद मिळतात. शिवाय सगळे वादक एका खोलीत बसून पडद्याकडे आणि संगीतकाराच्या हाताकडे बघत एकत्र वाजवणार. एकाची चूक झाली की सर्वांनी पुन्हा पहिल्यापासून. (आमच्या संगीताच्या सरांना मी १६ चित्रांचा फूट सांगितला तेव्हा ते हसून म्हणाले की मग हा तर तीनतालच झाला. हा निव्वळ योगायोग आहे, पण मुलांच्या लक्षात राहील.)

म्हणून शास्त्रीय संगीत सिनेमात आणायचे म्हणजे मैफल उचलून ठेवायची नाही. राग मनात पूर्ण असावा लागतो आणि त्यातले नेमके चार स्वर बाहेर काढावे लागतात. वसंतरावांचा हात यात बसलेला होता. १९४६ सालचा 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' हा सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांच्या खऱ्या आयुष्यावर होता. ते १९३८ मध्ये भारतीय वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेले, युद्धात जखमी झालेल्यांची सेवा करता करता १९४२ मध्ये तिथेच वारले. वय फक्त ३२. हा चित्रपट निघाला तेव्हा त्या मृत्यूला चारच वर्षे झाली होती. पुढच्या वर्षी 'लोकशाहीर रामजोशी' आला. पेशवाईतला शाहीर, म्हणजे इथे लावणी आणि पोवाड्याचा ढंग हवा. शकुंतलेच्या आश्रमापासून तमाशाच्या फडापर्यंत, आणि मध्ये चीनची युद्धभूमी! तिन्हीकडे तोच संगीतकार.

१९५१ च्या 'अमर भूपाळी' बद्दल घरातल्या आजी-आजोबांना विचारा. शाहीर होनाजी बाळा यांच्या जीवनावरचा हा चित्रपट कान येथील चित्रपट महोत्सवापर्यंत गेला आणि त्याच्या ध्वनिमुद्रणाचा तिथे गौरव झाला. त्यातली भूपाळी आजही महाराष्ट्रात पहाटे लागते. त्यानंतर आचार्य अत्र्यांचा 'श्यामची आई' (१९५३). राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळवणारा तो पहिलाच चित्रपट, आणि संगीत पुन्हा वसंतरावांचे. साने गुरुजींच्या या गोष्टीत रडवे संगीत भरायला किती जागा होती याचा विचार करा.

१९५५ साली 'झनक झनक पायल बाजे' आला. हा सगळा चित्रपटच कथक नृत्यावर. नायक गोपीकृष्ण स्वतः मोठे नर्तक. शीर्षकगीत अडाणा रागात, आणि ते गायले इंदूर घराण्याचे उस्ताद अमीर खाँ यांनी. एरवी विलंबित ख्यालात रमणारा हा गवई सिनेमासाठी काही मिनिटांत अडाण्याचे पूर्ण तेज दाखवून जातो. तबल्यावर पंडित सामताप्रसाद. आणि पार्श्वसंगीतात एक नवे वाद्य वाजले, ते म्हणजे संतूर. वाजवणारे जम्मूचे एक कोवळे तरुण, शिवकुमार शर्मा. काश्मीरबाहेर फारसे कोणाला ठाऊक नसलेले हे वाद्य लाखो प्रेक्षकांनी सिनेमातच प्रथम ऐकले. पुढे १९५९ च्या 'गूँज उठी शहनाई' साठी त्यांनी उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची सनई आणली. मोठ्या कलावंताला बोलावणे हे पैशाचे काम आहे. बोलावल्यावर त्याला त्याच्या पद्धतीने वाजवू देऊन तरी चित्राच्या लांबीत बसवणे हे वसंतरावांचे काम होते.

या दोन्हींच्या मध्ये १९५७ सालचा 'दो आँखें बारह हाथ' आहे, आणि माझ्या मनात होता तो हाच. गोष्ट तुम्हाला ठाऊक असेल. एक जेलर सहा खुनी कैद्यांना तुरुंगाबाहेर काढून ओसाड जमिनीवर शेती करायला नेतो. ही गोष्ट हवेतली नाही. साताऱ्याकडच्या औंध संस्थानात राजेसाहेबांनी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची खुली वसाहत काढली होती, तिथे कैदी भिंतीशिवाय राहून शेती करत. त्यावरून ग. दि. माडगूळकरांनी कथा लिहिली. चित्रपटाला १९५८ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात रौप्य अस्वल मिळाले.

त्यातील प्रार्थना भरत व्यास यांनी लिहिली. लता मंगेशकरांचा आवाज आणि समूह. आता चालीकडे लक्ष द्या. ती कुठेही फार वर जात नाही, कुठे अवघड ताना नाहीत. एक ओळ जो गातो त्याला दुसरी आपोआप गाता येते. रानात राबणाऱ्या सहा माणसांना गाता येईल अशीच ती आहे. हे कैदी माती फोडतात, घाम गाळतात, पण त्या श्रमाची दया करायला संगीत आपल्याला सांगत नाही. या माणसांकडे बरोबरीने बघायला सांगते. मी पुन्हा तो चित्रपट पाहिला तेव्हा आपल्या फिल्ममध्ये चूक कुठे झाली ते मला समजले. आमच्या व्हायोलिनने त्या हातांना वरून पाहिले होते.

पुढे शांतारामांच्या 'नवरंग' चे संगीत सी. रामचंद्र यांच्याकडे गेले. वसंतरावांचे काम काही थांबले नाही. मराठी रंगभूमीवर विद्याधर गोखले यांचे 'पंडितराज जगन्नाथ', 'जय जय गौरीशंकर' ही नाटके त्यांच्या चालींनी गाजली. १९६६ च्या २३ ऑक्टोबरला एम. एस. सुब्बुलक्ष्मी न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रसंघात गायल्या. त्या कार्यक्रमासाठी कांचीच्या शंकराचार्यांनी संस्कृतात एक मैत्रीगीत रचले होते, आणि त्याला चाल लावली वसंत देसाईंनी. मदुराईची गायिका, कांचीचे शब्द, कुडाळकडचा संगीतकार. आपण परप्रांतात राहणारी मंडळी आहोत, म्हणून मला याचे विशेष वाटते.

लहान मुले हा त्यांचा खास जिव्हाळ्याचा विषय होता. १९६८ च्या 'आशीर्वाद' मध्ये अशोककुमार मुलांना आगगाडीचे गाणे म्हणून दाखवतात, त्याचे संगीत त्यांचेच. पण त्याहून मोठे काम म्हणजे समूहगान. 'एक सूर एक ताल' या उपक्रमात त्यांनी हजारो शाळकरी मुलांना एका मैदानावर एका वेळी गायला लावले. पन्नास मुलांचा आवाज एका सुरात आणताना आपल्या सरांची काय अवस्था होते ते मी रोज बघते. हजारो मुले म्हणजे मागच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचायलाच वेळ लागतो, ताल लगेच फाटतो. गाणे असे बांधावे लागते की मागचा मुलगा थोडा मागे राहिला तरी पुढच्या ठोक्याला येऊन मिळेल. बिस्मिल्ला खाँ यांच्याबरोबर काम केलेला माणूस बेसूर पोरांसाठी एवढा जीव का टाकतो, असे त्या काळी कुणाला वाटलेही असेल.

१९७१ मध्ये हृषीकेश मुखर्जी यांचा 'गुड्डी' आला. गीते गुलज़ार यांची, गायिका नव्या, वाणी जयराम. वसंतरावांनी त्यांना हिंदी चित्रपटात पहिली संधी दिली आणि मियाँ मल्हारातले ते पावसाचे गाणे घरोघर पोहोचले. चित्रपटाच्या सुरुवातीला शाळेची प्रार्थना आहे, गुड्डी तिला उशिरा येते (हे वाक्य वाचून काही विद्यार्थी हसतील, त्यांची नावे माझ्याकडे आहेत). ही प्रार्थना केदार रागावर आधारलेली आहे. केदार हा रात्रीचा राग. शास्त्राप्रमाणे सकाळी साडेसातला तो गाणे बरोबर नाही असे कुणी म्हणू शकेल. वसंतरावांना हे माहीत नव्हते असे नाही. तरी त्यांनी तो सकाळच्या शाळेत ठेवला. केदारात जो स्थिर, आर्जवी भाव आहे तो त्यांना मुलींच्या तोंडी हवा होता असे मला वाटते, आणि वेळेचा नियम त्यांनी बाजूला सारला. त्यानंतर देशभरच्या शाळा गेली पन्नास वर्षे केदार सकाळी गात आहेत.

२२ डिसेंबर १९७५ रोजी दिवसभराचे काम आटोपून वसंतराव मुंबईत पेडर रोडवरच्या घरी परतले आणि इमारतीच्या लिफ्टमध्ये झालेल्या अपघातात त्यांचा मृत्यू झाला. वय ६३ वर्षे. हाती घेतलेली कामे तशीच राहिली.

आता आपल्या फिल्मविषयी. मुलांनी ती धून काढून टाकली. जेट मशीनचा आणि वाफेचा मूळ आवाज तसाच ठेवला आहे, आणि घड्या घालणाऱ्या हातांच्या दृश्याला, फक्त तेवढ्याच चाळीस सेकंदांना, सरांनी पेटीवर केदार वाजवला आहे. इयत्ता ६ वीच्या तीन मुली त्याबरोबर नुसता आकार लावतात. एक मुलगी जरा चढते, पण मी ते राहू दिले. ज्या पालकांनी मला प्रश्न विचारला होता त्यांची सध्या रात्रपाळी चालू आहे, त्यामुळे त्यांनी ही नवी फिल्म अजून पाहिलेली नाही. त्यांच्या सोयीने येत्या रविवारी सकाळी ११ वाजता ती पुन्हा दाखवली जाईल. इतर पालकांनी आणि विश्वस्तांनीही यावे.

प्रार्थनेच्या फलकावर आजवर नुसते शब्द होते. आता खाली कवीचे आणि संगीतकाराचे नाव लिहिले आहे. पेंटरला मी कागद दिला तेव्हा माझ्या हिंदीच्या सवयीने त्यावर 'बसंत देसाई' असे लिहिले होते. इयत्ता ७ वीच्या एका मुलाने ते वेळेवर पाहिले आणि ऑफिसात येऊन सांगितले, म्हणून फलकावर 'वसंत' असे बरोबर आले आहे.